वळवीसरांची जीभ

वळवीसरांच्या शोकसभेत मी बोललो. निर्मळ माणूस, विद्यार्थ्यांवर जीव, शिस्तीचे, वेळेचे पक्के, असं सगळं बोललो. लोकांनी माना हलवल्या. खाली येऊन मागच्या खुर्चीवर बसलो आणि मला माझाच संताप आला. सर तिथे असते तर पहिल्या रांगेतून उठून म्हणाले असते, "शेखसर, हाई तुम्ही कोनाबद्दल बोली ऱ्हायनात?"

म्हणून आता लिहितो. तोंडाने जे जमत नाही ते मला कागदावर थोडंफार जमतं.

शमुवेल वळवी या माणसाचा मला नोकरीभर राग यायचा. हे पहिल्यांदाच कुठेतरी सांगतोय. कोरीटच्या रस्त्याला असलेल्या एका निवासी शाळेत आम्ही दोघं होतो, ते विज्ञानाला, मी हिंदीला. नंदुरबारात घरंही एकाच गल्लीच्या दोन टोकांना. त्यामुळे शाळेत, गल्लीत, बसमध्ये, सगळीकडे लोक आम्हाला जोडीनेच धरायचे. जोडी होतीही. एक बोलणारा आणि एक गप्प बसणारा. पण गप्प बसणाऱ्याच्या पोटात काय चाललंय हे कोणी विचारत नाही.

सर बुटके, अर्ध्या बाह्यांचा पांढरा शर्ट, खिशाला दोन पेनं, चालताना मान पुढे. मान पुढे असायची ती नाकासाठी. रस्त्याने जाताना मध्येच थांबायचे. "कोणीतरी वांगं भाजतंय. डावीकडून करपतंय." असं म्हणून ते खरोखर त्या घराच्या दारात जाऊन सांगायचे. "ताई, वांगं फिरवा." मी रस्त्यावर दुसरीकडे बघत उभा. आतली बाई आधी घाबरायची, मग चिडायची, मग वांगं फिरवायची.

शाळेतल्या मुलांच्या जेवणाची देखरेख त्यांच्याकडे होती. त्यांचं चाखणं म्हणजे एक सोहळा होता. पळीतला थेंब डाव्या तळहातावर घ्यायचा, डोळे मिटायचे, जिभेने टिपायचा. तेवढा वेळ सगळं स्वयंपाकघर थांबलेलं. मग निकाल. "मीठ झोपेल शे. उठाडा त्याले." किंवा, "मावशी, डाळ कच्ची ऱ्हायनी आणि तुम्ही वरून हिंग मारी दिधा. माले फसाडू नका."

स्वयंपाकाच्या मावशी पदराआडून म्हणायच्या, "यासनी बायको कशी नांदी ऱ्हायनी, देवले माहीत."

बायको, म्हणजे आमच्या वहिनी, उत्तम नांदत होत्या. त्यांनी एकदा माझ्या बायकोला, नसीमला, गुपित सांगितलं होतं. "मी मीठ घालतच नाही हो. डबा त्यांच्या पुढ्यात ठेवते. म्हणते, तुमच्यासारखं मला कुठं जमतं."

एकदा तपासणीला मोठे साहेब आले. मुलांच्या पंगतीत बसले, आमटी दोनदा मागून घेतली, "वा" म्हणाले. मुख्याध्यापकांचा चेहरा फुलला. तेवढ्यात वळवीसर उभे राहिले.

"साहेब, खोटं कशाला? आज आमटी करपलीय. तुम्हाला वरची वरची वाढली. तळातली पोरांच्या पानात गेलीय. घास घेऊन बघा त्यांच्यातला."

साहेबांनी खरंच घेतला. पुढे काय झालं ते सांगत नाही, पण दुपारी मुख्याध्यापकांनी बोलावून घेतलं ते मला. "तुम्ही शेजारी बसला होता ना शेखसर? हात धरून खाली बसवता नाही आलं?" हे नेहमीचंच होतं. खरं ते बोलायचे आणि त्यावरचं ऐकून मी घ्यायचो.

हे एकवेळ चाललं असतं. पण त्यांना दुसऱ्याकडूनही खरं हवं असायचं, आणि मला तेच येत नव्हतं. दर नाताळला चर्चच्या कार्यक्रमासाठी ते एक गीत रचायचे. गीत म्हणजे काय, यमकांची मालगाडी. स्टाफरूममध्ये दार लावून मला वाचून दाखवायचे. मी हिंदी शिकवतो म्हणजे मला कविता कळते, असा त्यांचा हिशोब. वाचून झालं की चष्मा काढून माझ्याकडे बघत राहायचे.

"छान आहे," मी म्हणायचो.

"शेखसर, तुमचं छान म्हणजे ऑफिसातला शिक्का शे. कागद कुठला का असेना, उमटतोच. तोंडावर बोला की. मी काय खाऊन टाकेन तुम्हाला?"

मी हसायचो. वर्गात जाऊन विनाकारण पोरांवर ओरडायचो.

दोघंही निवृत्त झालो. वहिनी गेल्या. मुलगी रूथ सुरतेला नर्स, जावईही तिकडेच. सर गल्लीच्या टोकाच्या घरात एकटे, हाताने करून खायचे. मग करोना आला. त्यांना ताप आला, उतरला, ते बरे झाले. निदान आम्ही सगळे तसं समजत होतो.

एका दुपारी ते आमच्याकडे जेवायला होते. नसीमने काकडी चिरून ठेवली होती. मी एक फोड तोंडात टाकली आणि उठून मोरीत थुंकून आलो. कडूजहर होती. परत येऊन बघतो तर सरांच्या पानातली अर्धी काकडी संपलेली. ते शांतपणे चावत होते.

"गोड शे काकडी," ते म्हणाले. "कुठून आणली?"

मी त्यांच्याकडे बघितलं. त्यांनी माझ्याकडे बघितलं नाही. मग लक्षात आलं की कितीतरी दिवसांत हा माणूस रस्त्यात मध्येच थांबलेला नाही. कोणाच्या दारात जाऊन वांगं फिरवा म्हणालेला नाही. मला वाटलं, आता ते सांगतील. जगाला तोंडावर बोला म्हणणारा माणूस स्वतःचं एवढं सांगेल की नाही? नाही सांगितलं. आणि मीही विचारलं नाही. ताट पुढे सरकवलं आणि म्हणालो, "घ्या ना अजून."

नंतर एकदा सकाळी पेपर द्यायला गेलो. दार उघडताच गॅसचा भपकारा आला. सर आत टेबलापाशी बसून शब्दकोडं सोडवत होते, काडेपेटी शेजारी. शेगडीचं बटण सुरू, वर जाळ नाही. मी खिडक्या उघडल्या, सिलिंडर बंद केला.  ते म्हणाले, "काय हो, थंडीत खिडक्या कशाला उघडता?" मी म्हणालो, "जरा हवा." एवढंच. घरी येऊन नसीमलासुद्धा सांगितलं नाही. त्या दिवसापासून मी रोज काहीतरी निमित्त काढून तिकडे चक्कर मारू लागलो आणि रोज त्यांच्यावर चिडू लागलो.

रूथचा फोन यायचा. "काका, खरं सांगा, पप्पा नीट आहेत ना? मी म्हणते इकडे या, तर भांडतात."

"नीट आहेत," मी म्हणायचो. शिक्का.

मग डिसेंबरात सर स्वतःच माझ्याकडे आले, भलतेच खुशीत. "रूथशी पैज लागलीय. ती म्हणते, तुम्हाला आता एकट्याला जमत नाही. मी म्हटलं, नाताळला ये. सगळ्यांना एकटा करून वाढतो. जमलं, तर पुन्हा सुरतेचं नाव काढायचं नाही. नाही जमलं, तर दुसऱ्या दिवशी बॅग भरतो."

"काय करणार?"

"टर्की."

सारंगखेड्याच्या बाजूला त्यांचा एक जुना विद्यार्थी या विलायती कोंबड्या पाळत होता. सरांची आई तरुणपणी मिशनच्या बंगल्यावर स्वयंपाकाला होती. तिथली मडम नाताळला टर्की भाजायची, दह्यात आणि कसल्याशा परदेशी पानांत मुरवून. एका वर्षी ती पानं संपली, तर आईने परसातली ओव्याची पानं, पुदिना, कोथिंबीर आणि लसूण वाटून घातलं. मडमला तेच आवडलं. तेव्हापासून वळवींच्या घरात नाताळचं जेवण म्हणजे हेच. एरवी त्यात साधी कोंबडी असायची. मसाला नाही, मिरची नाही, वर फक्त लिंबू आणि मिरी.

"मिरची के बगैर?" नसीमने विचारलं. "नंदुरबार में?"

"भाभी, मिरची म्हणजे पडदा. पडदा काढला की स्वयंपाक्याचा खरा हात दिसतो."

 ज्या पदार्थात लपायला मिरचीसुद्धा नाही, नेमका तोच या माणसाने निवडला होता.

आणि पुन्हा एक हट्ट. पक्षी माझ्या मेहुण्याच्या दुकानातूनच कापून आणायचा. "तुम्हाला चालेल असं नको का? तुम्ही जेवणार नसाल तर मी नाताळ कुणाबरोबर करू?" असं काही बोलायचे आणि मग त्यांच्यावर धड चिडताही यायचं नाही. मेहुण्याने पक्षी बघून विचारलं, "भाईजान, ये मोर तो नहीं ना? अंदर जाएंगे हम."

चोवीस डिसेंबरची दुपार. नसीमने मांस धुऊन पातेल्यात भरलं, मी सरांकडे पोहोचवलं. रूथ आणि जावई आले होते. संध्याकाळी सर चर्चमध्ये गाण्याच्या सरावाला जाऊन आले आणि मग स्वयंपाकघराच्या दारात स्टूल आडवं टाकलं. आत कोणी यायचं नाही. मला मात्र स्टुलाच्या अलीकडे बसून पुदिना निवडायची परवानगी होती.

सर पाट्यावर लसूण, ओव्याची पानं, कोथिंबीर वाटत होते. दही फेटलं. मूठभर मीठ घेतलं, मुठीकडे बघितलं, थोडं परत डब्यात टाकलं, पुन्हा थोडं घेतलं. डावा तळहात आपोआप पुढे आला, त्यावर त्यांनी दह्याचा थेंब घेतला, जिभेला लावला, डोळे मिटले. मी पुदिन्याची काडी हातात धरून बसलो होतो. ते फार वेळ डोळे मिटून उभे होते.

"सर, मी बघू का चाखून?"

"का? मी काय मेलोय?"

"तसं नाही…"

"पुदिना निवडा शेखसर. देठं येऊ देऊ नका."

दुसऱ्या दिवशी दुसरा गोंधळ. त्यांच्या पातेल्यात तुकडे मावेनात. आमची बिर्याणीची देगची आणली, तर ती शेगडीवर बसेना. मागच्या अंगणात चूल, झाकणावर निखारे, आणि सर पंख्याने वारा घालत. जावई मदतीला गेला की "बस रे बाबा, पाहुणा शेस तू." मी गेलो की "तुम्ही निखारे हलवाल." दर थोड्या वेळाने झाकण उघडून ते वाकायचे, खोल श्वास घ्यायचे आणि म्हणायचे, "आता वास सुटला." वास मघाशीच सगळ्या अंगणात पसरला होता. रूथ म्हणाली, "पप्पा, मघापासून सुटलाय." ते म्हणाले, "तो नुसता पुदिन्याचा. मी टर्कीचा म्हणतोय." पेच आला की असे सुटायचे. नोकरीभर मी हेच बघत आलो होतो. मला तिथून उठून घरी जावंसं वाटलं.

जेवायला पाच जण. प्रार्थना झाली. भाकरी, भात, कांदा, आणि मध्ये ती देगची. तुकडे कडेने तांबूस, वर हिरवं वाटण चिकटलेलं, दिसायला फार सुंदर. सरांनी स्वतः वाढलं. मग दोन्ही कोपर टेबलावर ठेवून ते बघत राहिले.

रूथने घास घेतला आणि लगेच पाण्याचा ग्लास उचलला. जावई म्हणाला, "मस्त झालंय पप्पा," आणि भाकरीचा भलामोठा तुकडा तोंडात कोंबला. नसीमने ताटावरून मान वर केली नाही. मी घास तोंडात टाकला. समुद्र होता तो. जीभ आखडली, डोळ्यात पाणी आलं.

सर आरामात चावत होते. एक तुकडा संपवला, दुसरा घेतला. "लिंबू जरा पुढे गेलंय. पण जमलं. आईची आठवण आली." मग माझ्याकडे वळले. "हं, शेखसर. येऊ द्या तुमचा शिक्का."

पैज मला माहीत होती. एक शब्द बोलायचा होता आणि तो शब्द मला झोपेतही येत होता. पण समोर मला टेबल दिसत नव्हतं, शब्दकोडं आणि काडेपेटी दिसत होती.

"सर, खारट आहे," मी म्हणालो. "तोंडात धरवत नाही."

रूथने ग्लास खाली ठेवला. मग नसीम हळूच म्हणाली, "सर, गलती मेरी है. परदेसी जानवर, वास आएगी करके मैंने नमक-निंबू चोळून भेजा था."

रूथने कपाळाला हात लावला. "आणि तुम्ही सरावाला गेलात तेव्हा मी मिठाच्या पाण्यात बुडवून ठेवलं होतं. फोनवर बघितलं होतं, मऊ राहतं म्हणून. पुसून परत ठेवलं."

"आणि दह्यात मी घातलं," सर म्हणाले. ते हसतील असं मला वाटलं. तीन हातांची तीन मिठं, हसण्यासारखंच होतं. पण ते माझ्याकडे वळले आणि त्यांचा आवाज चढला.

"शेखसर, जन्मभर सांगत आलो, तोंडावर बोला. गीतं वाचली तेव्हा नाही बोललात. मुख्याध्यापक तुम्हाला माझ्यावरून झापायचे, तेव्हा मला येऊन नाही बोललात. आणि मुहूर्त तुम्हाला आजचाच सापडला? आजच?"

"पप्पा," रूथ म्हणाली. तिचा आवाज एकदम नर्सचा झाला होता. "तुम्ही आत्ता दोन तुकडे खाल्लेत."

सरांनी भाकरी मोडली.

"तुम्हाला चव लागत नाही. वासही येत नाही. हो ना?"

 त्यांनी देगचीतून तिसरा तुकडा घेतला, तोंडात टाकला आणि माझ्याकडे बघत सावकाश चावत राहिले.

"काका, तुम्हाला माहीत होतं?"

मग मी सगळं सांगितलं. काकडी, गॅस, खिडक्या. बोलताना मला कळत होतं की मी त्यांच्या घराची एकेक वीट काढतोय. पण एकदा सुरू झाल्यावर थांबता येईना. रूथ रडायला लागली. जावई उठून अंगणात गेला. सर ताटात हात धुवून उठले आणि म्हणाले, "मिठाचं माझं मला कळलं असतं." कसं कळलं असतं, हे विचारायची कोणाची हिंमत नव्हती.

दुसऱ्या दिवशी त्यांनी बॅग भरली. पैज म्हणजे पैज. माझ्याशी बोलले नाहीत. मी दोनदा जाऊन आलो, दोन्ही वेळा ते पुस्तकं बांधत होते आणि सुतळीची गाठ मारण्यात त्यांना फार काम होतं. मला वाटत होतं, मी बरोबर केलं. आणि मला हेही वाटत होतं की काकडीच्याच दिवशी बोललो असतो तर हे असं पंगतीत झालं नसतं. त्यांनी सांगितलं असतं, तर मी रोज जाऊन त्यांचं मीठ बघितलं असतं. मी विचारलं असतं, तर त्यांनी सांगितलं असतं का? माहीत नाही. याच्यावर मी अजून चिडतो. कोणावर, ते ठरत नाही.

स्टेशनवर गेलो. बोलावलं नव्हतं, तरी गेलो. सुरतेकडची गाडी यायची होती. रूथ आणि जावई सामानाजवळ उभे. सर बाकावर बसले होते, मान खाली. मी शेजारी बसलो. ते सरकले नाहीत, पण उठूनही गेले नाहीत.

चहावाला आला. सरांनी दोन कप घेतले. एक माझ्याकडे केला, माझ्याकडे न बघता. दुसरा स्वतःच्या हातात धरून ठेवला.

"प्या," ते म्हणाले. त्या जेवणानंतरचा हा पहिला शब्द.

मी घोट घेतला.

"बोला."

"पाणचट आहे," मी म्हणालो. "साखर भरपूर. आलं नावालाच."

सर ताडकन वळले. कितीतरी महिन्यांनी त्यांची मान पुढे आलेली मी बघितली. "ए भाऊ! हाऊ काय चहा शे? पाणी उकाळी दिधं आनि साखरखाले झाकी दिधं! आलं काय नुसतं फोटोमा दखाडं का त्याले?"

चहावाला किटली खाली ठेवत म्हणाला, "बाबा, तुम्ही तं आजून पिनात बी नही!"

"माले पेवानी गरज नही. मन्हा दोस्त पी ऱ्हायना ना! तो कधी खोटं बोलत नही."

रूथ सामानाजवळून बघत होती. मी कपात बघितलं.

गाडी आली. सुरतेला गेल्यावर आमची भेट झालीच नाही. फोनवर मात्र बोलायचे, रूथची भाजी कशी होते ते जावयाला विचारून मला सांगायचे. पण डोळ्यांपुढे राहिलेत ते त्या दिवशीचे. जावयाने त्यांना हात धरून चढवलं, ते खिडकीशी बसले, आणि चहावाला फलाटावरून पुढे जात होता त्याला त्यांनी पुन्हा हाक मारली. गाडी हलली तरी ते गजांतून हात बाहेर काढून त्याला आलं कसं ठेचायचं ते सांगत होते. माझ्याकडे त्यांनी पाहिलं नाही. दुसऱ्या हातातला कप भरलेलाच होता, आणि गाडीच्या हिसक्याने चहा त्यांच्या पांढऱ्या शर्टावर सांडत होता.